सांगोमाला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न : दक्षिण आफ्रिकेतल्या आरोग्यावरच्या एका लेखाचा अनुवाद करते आहे. ‘सांगोमा’ हा झुलू शब्द वारंवार येतो. ‘मांत्रिक’ चालेल का? की ‘वैदू’ बरा?

प्रतिसाद : ‘मांत्रिक’ कृपा करून नको. झुलूत करणी करणाऱ्याला ‘उम्थाकाथी’ असा वेगळा शब्द आहे आणि त्याच्या भीतीने लोक धाव घेतात ती सांगोमाकडे. आपला ‘मांत्रिक’ दोन्ही कामं करतो, त्यामुळे वाचकाच्या मनात ही दोन माणसं एक होतील.

सांगोमाचं मुख्य काम निदानाचं. हाडं, शिंपले टाकून ती (पुष्कळ सांगोमा बायकाच असतात) आजारामागे पूर्वजांचं, म्हणजे ‘अमाद्लोझीं’चं, काय म्हणणं आहे ते पाहते. त्याआधी ‘इम्पेफो’ ही सुगंधी वनस्पती जाळून त्यांना आवाहन करतात. हा पेशा हौसेने पत्करायचा नसतो. स्वप्नांतून, कधी न हटणाऱ्या दुखण्यातून पूर्वजांचं बोलावणं येतं, मग गुरूकडे राहून दीक्षा घ्यायची. तिला ‘उकुथ्वासा’ म्हणतात. आपल्याकडचा ‘देवऋषी’ थोडा जवळ येतो, पण त्यात देव आहे, आणि इथे सगळा भर घरच्या मेलेल्या माणसांवर. म्हणून ‘सांगोमा’च ठेवा, पहिल्यांदा येईल तिथे एका वाक्यात समजावून सांगा.

झाडपाला देणारा तो ‘इन्यांगा’. ‘वैदू’ हे आपल्याकडे एका भटक्या जमातीचंही नाव आहे, म्हणून मी ‘झाडपाल्याचा वैद्य’ लिहीन. त्याचं औषध ते ‘मुथी’. मूळ ‘उमुथी’ या शब्दाचा अर्थ झाड असाही होतो.

दुसरा प्रतिसाद : सहमत. तिथल्या २००७ च्या पारंपरिक आरोग्यसेवकांविषयीच्या कायद्यातही सांगोमा आणि झाडपाल्याचे वैद्य हे वेगवेगळे गट आहेत. शिवाय सुईणी, आणि सुंता करणारे. ‘सुईण’ हा एकच शब्द मराठीत जसाच्या तसा बसतो.

प्रश्नकर्ती : आभार. एक वाक्य अजून अडलंय. रुग्ण दवाखान्यातल्या गोळ्या आणि मुथी दोन्ही घेतात, पण डॉक्टरांना सांगत नाहीत. इथे ‘अंधश्रद्धेपोटी’ असा शब्द घालावासा वाटतो.

पहिला प्रतिसाद देणारा : मूळात नसेल तर घालू नका. कोणता रोग झाला हे दवाखाना सांगतो. तो मलाच का झाला, घरात कोणाचं काय राहून गेलं, हे विचारायला माणूस सांगोमाकडे जातो. दोन्ही प्रश्न त्याला खरेच वाटतात. तो डॉक्टरांपासून लपवतो ते रागावतील म्हणून, आणि धोका या लपवण्यातच आहे, कारण काही वनस्पती एचआयव्हीच्या औषधांच्या कामात अडथळा आणू शकतात. उलट विश्वासात घेतलं तर बदल होतो. त्वचेवर बारीक छेद देऊन मुथी चोळण्याची पद्धत आहे. एचआयव्हीच्या साथीत सांगोमांना प्रशिक्षण देताना प्रत्येक रुग्णाला नवं ब्लेड वापरायला शिकवलं गेलं. ‘पूर्वजांचा रोष होईल या समजुतीने’ असं मूळात असेल तर तेवढंच लिहा. नाहीतर ‘डॉक्टरांना सांगत नाहीत’ इथे पूर्णविराम द्या.