'घरची खुशाली' चालेल का?

मुक्काम_परळ: आमचा सिनेमा बघणाऱ्या आठदहा जणांचा ग्रुप आहे, रविवारी शांताल अकरमनचा 'न्यूज फ्रॉम होम' लावतोय, त्याची मराठीत ओळख मी लिहितेय. बाई ब्रसेल्सच्या, आईवडील पोलिश ज्यू, आई आउश्वित्झच्या नाझी छळछावणीतून वाचलेली. विशीत न्यूयॉर्कला राहिल्या तेव्हा आईची पत्रं यायची. सिनेमात नुसते न्यूयॉर्कचे रस्ते, सबवे म्हणजे तिथली भुयारी रेल्वे, आणि वरून त्या स्वतः ती पत्रं वाचतात, गाड्यांच्या आवाजात कितीतरी वाक्यं बुडून जातात. मी नावाचं 'घरची खुशाली' केलं तर ग्रुपमधल्या काकांनी खोडून 'क्षेमवार्ता' लिहिलं, म्हणे खुशाली फारसी आहे. पत्रात आपण खुशालीच लिहायचो ना?

पाटीपेन्सिल: काका बरोबर आहेत. खुश आणि हाल मिळून खुशाल. आपला 'कुशल' असताना उसना कशाला?

लालबाग_७२: आमच्या आजीचं कार्ड यायचं गुहागरहून. सुरुवात 'इकडे सर्व क्षेम' आणि शेवट 'तुझी खुशाली कळव', एकाच कार्डात! उसना कुठला, दोन्ही तिचेच होते.

आंबोळी: माझे सासरे सांगायचे कुशलचंच खुशाल झालं.

पाटीपेन्सिल: नाही ताई, मग 'खुशाल जा' मधला खुशाल कुठून आला? तिथे कुशल घालून बघा.

दर्याकिनारा: फारसी असू दे, माझी अडचण वेगळी आहे. खुशाली म्हणजे सगळं बरंय हे कळणं. या आईच्या पत्रात आजारपणं, कोणाचा साखरपुडा, उन्हाळ्याचे कपडे पाठवलेत ते मिळाले का, आणि पुन्हा पुन्हा एकच, तू लिहीत का नाहीस. ती खुशाली देत नाहीये, मागतेय. मी साधं 'घरून पत्र' म्हणेन.

आंबोळी: क्षेम मात्र वाया घालवू नका हं, जुन्या मराठीत क्षेम देणं म्हणजे कवटाळणं. या आईला तेच तर करायचंय ना.

मुक्काम_परळ: हे माहीत नव्हतं, अंगावर काटा आला. पण 'क्षेमवार्ता' वाचून आज कोणाला मिठी आठवेल?

लालबाग_७२: 'गावाकडून' का नको? माझा जन्म परळचा तरी लोक विचारतात गाव कुठलं, आणि मी गुहागरच सांगतो.

पाटीपेन्सिल: ब्रसेल्स गाव कसं होईल?

लालबाग_७२: जिथून पत्र येतं ते गाव, आमच्याकडे तरी असंच होतं. वडील मनीऑर्डर करायचे, खाली मजकुराला दोन बोटं जागा, त्यात 'पैसे पाठवले, खुशाल आहे' एवढंच मावायचं.

दर्याकिनारा: शेवटचा शॉट बघून घ्या सगळ्यांनी. बोट निघते आणि मॅनहॅटन हळूहळू लांब जातं, दहाएक मिनिटं, एक कट नाही. मला भाऊच्या धक्क्यावरून रेवसची लाँच सुटते तेव्हाची मुंबई दिसली.

आंबोळी: आम्ही मे महिन्यात त्याच लाँचने जायचो, आई मागच्या बाजूला बसून मुंबईकडेच बघत राहायची.

मुक्काम_परळ: 'घरून पत्र' छापायला देऊ का? उद्या द्यायचंय.

लालबाग_७२: आंबोळीताई, तुम्ही रेवसहून पुढे कुठे जायचात?