उषा उथुप: जॅझ गायिका, की नुसत्या स्टेजच्या?

देवगिरीकर (संभाजीनगर): आमच्याकडच्या एका कॉलेजात स्नेहसंमेलनासाठी पोरी निवडताना एकीला 'आवाज पुरुषी आहे' म्हणून काढलं. पेटी काळी चारवर, म्हणजे उंच पट्टीत; पोरीचा आवाज खर्जातला, खालच्या सुरांचा, वरचा सा लागेना. पट्टी उतरवून बघायचं कुणाला सुचलं नाही. उषा उथुप यांचंही मुंबईत शाळेत हेच झालेलं. गाण्याच्या वर्गातून बाहेर काढून हातात ट्रँगल, म्हणजे वाजवायचा लोखंडी त्रिकोण, दिला. त्याच बाई १९६९ मध्ये चेन्नईच्या नाइन जेम्स क्लबात साडी नेसून गायला उभ्या राहिल्या. मग कोलकात्याच्या पार्क स्ट्रीटवरचं ट्रिंकाज, दिल्लीचं ओबेरॉय हॉटेल, २०२४ ला पद्मभूषण. पॉप आणि जॅझमध्ये आपल्या देशात एवढी मोठी बाई दुसरी नाही, असं माझं स्पष्ट मत.

मांजराकाठ (लातूर): पोरीवर अन्याय झाला, मान्य. पण त्यासाठी उथुपबाईंना जॅझच्या गादीवर कशाला बसवायलात? जॅझमध्ये चाल हातात घेऊन तिथल्या तिथं नवं काढावं लागतं. बाई ठरलेलं गाणं ठसक्यात म्हणतात आणि सभागृहाला टाळ्या वाजवायला लावतात. त्याच पार्क स्ट्रीटवर पॅम क्रेन नावाच्या गायिका ब्लू फॉक्स रेस्टॉरंटमध्ये जॅझ पियानोवादक लुई बँक्स यांच्यासोबत गायच्या. जॅझ ते. इथं किती जणांनी त्यांचं नाव ऐकलंय? कांजीवरम, गजरा, 'क' लिहिलेली टिकली, हे सगळं गाण्याच्या पुढं चालायलंय.

गोदाकाठची (नांदेड): टिकली बाजूला ठेवा सर. १९८३ मध्ये पश्चिम बंगालचे मंत्री जतीन चक्रवर्ती यांनी बाईंचं गाणं म्हणजे अपसंस्कृती ठरवून त्यांना सरकारी सभागृहं बंद केली. बाई कोर्टात गेल्या आणि जिंकल्या. नुसता मेकअप असता तर मंत्र्याला एवढा झोंबला असता का?

मांजराकाठ: ताई, कोर्टात जिंकल्या त्याला माझा सलाम. पण निकालपत्रात सूर नसतो. सिनेमातलं पार्श्वगायन बघा: १९७१ ला 'हरे रामा हरे कृष्णा'मध्ये इंग्रजी भाग, पुढं बप्पी लाहिरींची डिस्को गाणी. फिल्मफेअर मिळायला २०१२ उजाडलं, तेही रेखा भारद्वाज यांच्यासोबत वाटून.

परडी_कवडी (धाराशिव): वाटून मिळालं म्हणजे कमी मिळालं का हो? आणि तो 'पुरुषी' शब्द कुठून आला ते सांगा आधी. नवरात्रात तुळजापूरला या. गळ्यात कवड्यांची माळ, हातात झांज, आराधी बायका, म्हणजे देवीची गाणी म्हणणाऱ्या भक्त, छातीतून आवाज काढतात. मागं संबळ कडकडत असतो, तरी शब्द न् शब्द ऐकू येतो. तिथं कुणी म्हणत नाही बाई जाड आवाजात गायली. ही भानगड पेटीच्या क्लासात सुरू झाली. उथुपबाईंनी खर्ज लपवला नाही. माझ्या लेखी त्यांची कमाई तीच, जॅझ म्हणा नाहीतर काहीही.

मांजराकाठ: काहीही कसं म्हणायचं? मग जॅझ, पॉप अशी वेगवेगळी नावं कशाला दिलीत? पॉप म्हणा, माझी ना नाही.

देवगिरीकर: क्लबात रोज रात्री समोर जेवणारी माणसं, काट्याचमच्यांचा आवाज, आणि त्यात ताल सांभाळत शब्द मागं खेचायचा. उथुपबाई तेच करत आल्या. जॅझ काय फक्त शांत बसून ऐकणाऱ्यांचं आहे? पॅमबाईंबद्दल आदर आहेच, पण त्या पार्क स्ट्रीटच्या रसिकांपुरत्या राहिल्या. या बाई अनेक भाषांत गाऊन आमच्या गल्लीपर्यंत पोचल्या. ते गायकीत धरायचं नाही का?

मांजराकाठ: नाही धरायचं. पोचायला तर डीजे बी पोचतो भाऊ, तोबी रात्री बाराला.