प्रमोशन डावललं तर दुसऱ्याच्या नावानं जनहित याचिका टाकता येते का?

रंकाळ्याचा_वारा
माझे दाजी एका सरकारी ऑफिसात क्लार्क आहेत. सेवाज्येष्ठता यादीत ते 14 नंबरला आणि अव्वल कारकूनची ऑर्डर निघाली 17 नंबरवाल्याची. यादीची झेरॉक्स पिवळ्या पेनानं रंगवून पाकिटात घालून फिरायलेत, पण स्वतःच्या नावानं केस टाकायची म्हटलं की गप्प, साहेब बदली करून चंदगडला टाकतील म्हणून. आता आमच्या पेठेतला एक कार्यकर्ता म्हणतोय की माझ्या नावानं जनहित याचिका टाकू, हायकोर्टाचं बेंच तर आता कोल्हापुरात भाऊसिंगजी रोडवरच आलंय, खर्च तेवढा तुम्ही बघा. होतं का असं?

तांबडा_पांढरा
"खर्च तेवढा तुम्ही बघा" इथंच सगळं कळलं की भावा

काळा_कोट_कोपू
नाही चालत. नोकरीच्या वादात जनहित याचिका घ्यायची नाही हे सुप्रीम कोर्टानं 1998 ला दुर्योधन साहूच्या केसमध्येच सांगितलंय, ते प्रकरण ओडिशाचं होतं, आणि त्यानंतर परत परत तेच सांगत आलंय. कारण साधं आहे, 14 आणि 17 मधलं भांडण त्या दोघांचं आणि खात्याचं, त्यात जनतेचं हित कुठलं? ज्याचं नुकसान झालं त्यानंच यायचं. उलट दंड बसतो. 2010 ला बलवंतसिंह चौफाल प्रकरणात उत्तराखंडच्या महाधिवक्त्यांच्या नेमणुकीवर अशीच याचिका होती, एक लाख बसले.

आणि सर्किट बेंच 18 ऑगस्ट 2025 ला सुरू झालं हे खरं, पण राज्य सरकारी कर्मचाऱ्यानं आधी मॅटमध्येच, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणातच जायचं असतं, थेट हायकोर्टात नाही. सुप्रीम कोर्टाच्या 1997 च्या चंद्रकुमार निकालापासून असंच आहे.

शिवाजीपेठ_७७
मग भरतीत पैसे खाऊन अपात्र माणूस खुर्चीत बसवला तर बाकीच्यांनी नुसतं बघत बसायचं का??

काळा_कोट_कोपू
त्याला क्वो वॉरंटो आहे ना. सार्वजनिक पदावर कायद्यानं लागणारी पात्रताच नसलेला माणूस बसलाय, तर कोणीही विचारू शकतो की तू कुठल्या अधिकारानं बसलास. दार तेवढंच उघडं आहे. पण दाजींचा मुद्दा तो नाही, 17 नंबरवाला पात्रच आहे, फक्त मागं आहे.

रिटायर_बाबू
मी गेलोय मॅटमध्ये. महालक्ष्मी एक्सप्रेसनं रात्रभर मुंबई, सकाळी स्टेशनवरच तोंड धुवायचं, आणि बोर्डावर आपला नंबर येईपर्यंत चार वाजायचे, मग पुढची तारीख. बदलीची भीती मलाही होती, झाली पण, गगनबावड्याला. पावसाळा काढला तिथं आणि परत आलो. दाजींना सांगा, त्या 17 नंबरवाल्याला पण केसमध्ये पार्टी, म्हणजे प्रतिवादी करा, नाहीतर त्याला न ऐकता त्याची ऑर्डर कशी रद्द करणार, असं विचारतात. आणि मुदत बघा, एक वर्ष असते. लेखी अर्ज दिला आणि सहा महिने उत्तरच आलं नाही तर त्या सहा महिन्यांनंतर वर्ष मोजतात, पण दर महिन्याला नवा अर्ज देऊन मुदत वाढत नाही, आमच्या ऑफिसातला एकजण याच नादात बुडाला.

रंकाळ्याचा_वारा
आत्ता फोन केला. ऑर्डर निघून अकरा महिने झालेत, आणि अर्ज तोंडीच केलाय म्हणे, साहेबांच्या केबिनमध्ये उभं राहून. कागद एक पण नाही.

काळा_कोट_कोपू
उद्या सकाळी पहिलं काम, ऑर्डरची आणि यादीची सही-शिक्क्याची प्रत घ्यायला लावा. पिवळी झेरॉक्स कामाची नाही. आणि त्या कार्यकर्त्याला चहा पाजून वाटेला लावा.