मदत हवी आहे: १९८० च्या रोव्हर्स कपात पाहिलेला इराणी खेळाडू मजीद

पेठेतला डिफेंडर

नमस्कार मंडळी,

आमच्या तालमीच्या फुटबॉल संघाची स्मरणिका निघते आहे. ‘मी पाहिलेला सर्वांत मोठा खेळाडू’ या सदरात चार पानं माझ्या वाट्याला आली आहेत. कुणावर लिहिणार असं पोरांनी विचारलं तेव्हा दुसरं नावच डोक्यात आलं नाही. मजीद. कोलकात्याच्या ईस्ट बंगाल क्लबचा १२ नंबर, इराणचा.

१९८० साली मी सतरा वर्षांचा होतो. परळला मामा गिरणीत साचेखात्यात होता. महालक्ष्मी एक्स्प्रेसनं मुंबईला गेलो आणि मामानं रात्रपाळी संपवून, डोळ्याला डोळा न लावता, मला कुपरेजच्या मैदानावर रोव्हर्स कपचा सामना बघायला नेलं. डब्यात चपाती आणि बटाट्याची भाजी. आम्ही टचलाइनच्या अगदी जवळ बसलो होतो.

सगळा सामना आठवत नाही, खोटं कशाला सांगू. पण एक क्षण मात्र आजही लख्ख दिसतो. आमच्या बाजूनं उंच आलेला चेंडू त्यानं छातीवर घेतला, पायाशी पडू दिला आणि तो थांबला. नुसता उभा राहिला. समोरचा डिफेंडर धावत आला, पाय घातला, आणि तेवढ्यात हा त्याच्या बाजूनं निघूनसुद्धा गेला. तेव्हा आमच्याकडं चेंडू आला की लाथ घालायची आणि पळायचं, एवढंच आम्हाला ठाऊक. हातात वेळ असल्यासारखं थांबायचं असतं, हे मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिलं. पुढं पंधरा वर्षं डिफेन्सला खेळलो. पोरांना आजही सांगतो, समोरचा थांबला तर तुम्हीपण थांबा, पाय घालू नका. ते मजीदनं शिकवलंय.

आतापर्यंत जमलेली माहिती अशी. मजीद, जमशीद नसीरी आणि महमूद खबाजी हे तिघं इराणी, अलीगढ मुस्लिम विद्यापीठात शिकायला आलेले. १९८० च्या हंगामाआधी ईस्ट बंगालचे बरेच नामवंत खेळाडू क्लब सोडून गेले, संघ पार उघडा पडला आणि पी. के. बॅनर्जी प्रशिक्षक असताना हे तिघं लाल-पिवळ्या जर्सीत आले. त्या वर्षी फेडरेशन कप मोहन बागानबरोबर संयुक्तपणे जिंकला आणि रोव्हर्स कप मोहम्मेडन स्पोर्टिंगबरोबर संयुक्तपणे. त्याच वर्षी १६ ऑगस्टला ईडन गार्डन्सवर ईस्ट बंगाल-मोहन बागान सामन्यात चेंगराचेंगरीत १६ प्रेक्षक गेले. १९८२ मध्ये मजीद आणि जमशीद मोहम्मेडनला गेले.

आता अडतंय ते सांगतो.

नाव कुठं ‘बासकर’, कुठं ‘बिश्कर’, कुठं ‘बिशकार’ असं दिसतं. माणसाचं नाव तरी नीट छापलं पाहिजे. दुसरं, तो १९७८ चा वर्ल्ड कप खेळला होता असं सगळीकडं लिहिलेलं असतं. ते छापावं का?

तिसरा प्रश्न खरं तर माझ्यासाठी सगळ्यांत मोठा आहे. मजीद खुर्रमशहरचा. इराकनं इराणवर हल्ला केला २२ सप्टेंबर १९८० ला आणि खुर्रमशहर पडलं २६ ऑक्टोबरला. म्हणजे ज्या वर्षी मी कुपरेजला त्याच्या नावानं ओरडत होतो, त्याच वर्षी त्याचं गाव जळत होतं. मी सामना पाहिला तो दिवस यात नेमका कुठं येतो? माझ्या डोक्यात दिवाळीच्या आधीचं की नंतरचं, तेवढंही पक्कं नाही. मामा गेला, त्याला विचारता येत नाही.

हे का छळतंय तेही सांगतो. आता कोल्हापुरात आफ्रिकेतले खेळाडू येऊन पेठापेठांतून खेळतात. मागच्या हंगामात आमच्याकडं एक पोरगा होता. सामना झाला की तालमीच्या पायरीवर बसून तासतासभर घरी व्हिडिओ कॉल करायचा. आईला मैदान दाखवायचा, आम्हालाही दाखवायचा. त्याच्याकडं बघताना एकदम वाटलं, मजीद १९८० साली सामना झाल्यावर कुठं बसत असेल?

आणि शेवटचं. त्याच्या उताराच्या काळाबद्दल बऱ्याच ऐकीव गोष्टी सांगतात. त्या लिहाव्यात का?

---

फारसीचा विद्यार्थी

काका, नाव आणि वर्ल्ड कप या दोन्हींचं उत्तर देतो.

फारसीत आडनाव लिहितात ते बे, ये, शीन, काफ, अलिफ, रे या अक्षरांनी. म्हणजे ‘बीशकार’. शीन आहे, त्यामुळे ‘स’ नाही. कोलकात्यात बंगाली तोंडी ते ‘बासकर’ झालं आणि वर्तमानपत्रांनी तेच उचललं. तुम्ही मजीद बीशकार छापा आणि कंसात ‘कोलकात्यात मजीद बासकर’ असं एकदा लिहा, म्हणजे जुन्या लोकांनाही कळेल.

वर्ल्ड कपचं वाक्य मात्र बदला. १९७८ ला अर्जेंटिनाला गेलेल्या इराणच्या २२ जणांत तो होता, हे खरं. नावापुढे क्लब होता रस्ताखीझ खुर्रमशहर. पण नेदरलँड्सविरुद्ध ०-३, स्कॉटलंडविरुद्ध १-१ आणि पेरूविरुद्ध १-४ या तिन्ही सामन्यांत तो मैदानात उतरला नाही. म्हणून ‘वर्ल्ड कप खेळलेला’ नको, ‘वर्ल्ड कपच्या संघात निवडलेला’ लिहा. त्यात कमीपणा काहीच नाही. इराणचा तो पहिलाच वर्ल्ड कप होता, आणि राजधानीतल्या बड्या क्लबांचे खेळाडू असताना खुर्रमशहरच्या पोराला त्या विमानात जागा मिळाली होती.

आणखी एक गोष्ट लेखात यावी असं वाटतं. तेव्हा इराणची राष्ट्रीय लीग होती तख्त-ए-जमशीद कप. १९७८-७९ चा हंगाम क्रांतीमुळे अर्धवट सुटला आणि ती स्पर्धा पुन्हा भरलीच नाही. वर्ल्ड कपच्या संघातला खेळाडू दोन वर्षांत अलीगढच्या विद्यापीठ संघात आणि तिथून कोलकात्यात कसा पोहोचला, असा प्रश्न तुमच्या वाचकाला पडणारच. त्याच्या देशात खेळायला लीगच उरली नव्हती, हे सांगितलंत की तो प्रवास समजतो.

इराणी अंकांमध्ये शोधायचं असेल तर सनाचा घोळ होऊ देऊ नका. त्यांचं वर्ष २१ मार्चच्या सुमारास सुरू होतं. त्यांच्या सनात ६२१ मिळवले की आपलं इसवी सन, जानेवारी ते मार्चच्या दिवसांसाठी ६२२. वर्ल्ड कप त्यांच्या १३५७ मधला, खुर्रमशहर पडलं १३५९ मध्ये. तेहरानच्या ‘केहान वर्झेशी’ या क्रीडा साप्ताहिकाचे १३५६-५७ चे अंक शोधा. लेख मिळाला तर इथं टाका, मी वाचून मराठीत सांगतो.

---

गंगावेस

काका, नाद खुळा! आमच्या आज्ज्याच्या तोंडी पण कुपरेजच्या गोष्टी असायच्या.

शेवटच्या प्रश्नाचं माझं मत स्पष्ट आहे. ऐकीव काही लिहू नका. माणूस हयात आहे. आपल्या पेठेतल्या एखाद्या जुन्या खेळाडूबद्दल कोलकात्यात कुणी असं छापलं तर आपल्याला चालेल का? दोन-तीन हंगाम डोळे दिपवणारे होते, मग खेळ उतरला, मग तो मायदेशी परतला. एवढं खरं आहे आणि एवढं पुरे. तुम्ही जे पाहिलंय ते छातीवरच्या चेंडूचं लिहा. ते दुसऱ्या कुणाकडं नाही.

---

बालीगंजची मराठी

दादा, मी लग्नानंतर तीस वर्षं कोलकात्यात आहे. सासरचं घर पक्कं ईस्ट बंगालचं. हिल्सा मासा आणि मजीद या दोन विषयांवर आमच्याकडे वाद चालत नाही.

इथं त्याला ‘बादशाह’ म्हणतात, अजूनही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये क्लबच्या शताब्दीसाठी तो इतक्या वर्षांनी इराणहून आला. विमान अपरात्री उतरलं आणि तरी विमानतळावर शेकडो माणसं झेंडे घेऊन उभी. माझे दीर गेले होते. साठी उलटलेला माणूस, गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेली, पहाटे घरी परत आले तेव्हा आवाज बसला होता आणि डोळे सुजले होते. चहा देताना मी विचारलं, कसा दिसतो आता? म्हणाले, केस पांढरे झालेत, चाल तीच आहे. त्या गर्दीत अशीही पोरं होती ज्यांनी त्याला खेळताना कधीच पाहिलं नव्हतं, बापानं सांगितलेल्या गोष्टींवर वाढलेली. तुमच्या लेखात हे यायला हवं. परत गेल्यावर पुढं त्याचं काय झालं, असं तुमचा वाचक विचारेल तेव्हा त्याला ही पहाट सांगा.

जमशीददांना विसरू नका. ते पण खुर्रमशहरचे. मजीद परतले, हे इथंच राहिले, इथंच संसार केला. भारतात शंभराहून जास्त गोल करणारे ते पहिले परदेशी खेळाडू. १९८५ ला ते पुन्हा ईस्ट बंगालमध्ये होते आणि त्या वर्षीच्या फेडरेशन कपच्या अंतिम सामन्यात मोहन बागानविरुद्धचा एकमेव गोल त्यांचा. एकाच गावाहून निघालेल्या दोघांपैकी एक परत गेला आणि एक राहिला, ही एवढी गोष्टसुद्धा चार पानं भरेल.

---

फातोर्डा पश्चिम

ताईंनी जमशीदचा विषय काढलाच आहे तर आमच्या गोव्याचा धागा जोडतो.

२९ जानेवारी २०२२. कोविडमुळे सगळी आयएसएल (इंडियन सुपर लीग) गोव्यात, कोलकात्याची डर्बी, म्हणजे ईस्ट बंगाल-मोहन बागान सामनासुद्धा मडगावला फातोर्ड्याच्या मैदानात, आणि प्रेक्षकांना बंदी. माझं घर मैदानापासून दहा मिनिटांवर, तरी टीव्हीवर पाहावं लागलं. मैदानाचे दिवे गॅलरीतून दिसत होते आणि चेंडू टीव्हीवर. ईस्ट बंगालनं आधी गोल केला. मग मोहन बागाननं एकवीस वर्षांचा एक पोरगा बदली म्हणून उतरवला. त्यानं बरोबरी साधली आणि भरपाईच्या वेळेत आणखी दोन मारले. ३-१. कियान नसीरी, जमशीदचा मुलगा! बापानं ज्या क्लबासाठी नाव कमावलं त्याच क्लबाविरुद्ध पोरानं डर्बीत हॅटट्रिक केली. त्या दिवशी स्टँड भरलेला असता तर काय झालं असतं, हे अजून मनातून जात नाही.

---

जुन्या फायलींतला

मी निवृत्त ग्रंथपाल. तुमच्या तिसऱ्या प्रश्नाला हात घालतो.

ही तारीख कुणाच्या आठवणीवर सोडू नका, स्वतःच्याही नाही. पंचेचाळीस वर्षांत दिवाळी आणि नाताळ एकमेकांत मिसळतात. मुंबईत एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात जुन्या वर्तमानपत्रांच्या फायली आणि मायक्रोफिल्म आहेत. दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयातही विचारा. जाण्याआधी फोन करा. ओळखपत्र आणि पासपोर्ट आकाराचे दोन फोटो जवळ ठेवा. फाइल नाजूक असेल तर झेरॉक्स मिळणार नाही, फ्लॅश न वापरता फोटोची परवानगी मागा.

२२ सप्टेंबर १९८० पासून सुरुवात करा आणि पुढं सरकत चला. रोव्हर्सचा सामना मुंबईतला, म्हणजे मुंबईच्या दैनिकात निकालाबरोबर गोल कुणी केले तेही सापडेल. तुम्हाला आठवणारा सामना कुणाविरुद्ध होता हे माहीत नसलं तरी ईस्ट बंगालचे कुपरेजवरचे सगळे सामने उतरवून घ्या. मामांची रात्रपाळी होती म्हणालात. तो आठवडा काढता आला तर अजून सोपं.

आणि एक करा. ज्या दिवशीचा अंक काढाल त्याचं क्रीडा पान पाहून लगेच फाइल मिटू नका, पहिलं पानही वाचा. युद्धाच्या बातम्या तेव्हा पहिल्या पानावर असायच्या. तुमचा प्रश्न ज्या दोन गोष्टींचा आहे त्या एकाच अंकात, आठ-दहा पानांच्या अंतरावर असतील.

---

पेठेतला डिफेंडर

सगळ्यांचे मनापासून आभार. दोन दिवसांत एवढं मिळेल असं वाटलं नव्हतं.

नाव ‘मजीद बीशकार’ असंच जाईल. वर्ल्ड कपचं वाक्य बदललं. गंगावेस, तुझं पटलं, ऐकीव सगळं खोडलं. ताई, तुमच्या दिरांची पहाट वापरू का? नाव घालणार नाही. ते ‘चाल तीच आहे’ वाचलं आणि उठून अंगणात दोन फेऱ्या मारल्या.

ग्रंथपाल साहेब, पहिल्या पानाचं तुम्ही म्हणालात ते माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. रात्री मामीला फोन केला. ती ऐंशीच्या पुढं आहे. सामना तिला आठवत नाही, पण मी मुंबईला आलो होतो तेव्हा मामानं मला स्वतःचा स्वेटर परतीच्या गाडीसाठी दिला आणि तो मी परत आणलाच नाही, हे तिला पक्कं आठवतं. म्हणजे घाटावर थंडी पडली होती. मग खुर्रमशहर तेव्हा पडलेलं असणार असं वाटायला लागलंय. पण अंक पाहिल्याशिवाय लिहिणार नाही.

रविवारच्या महालक्ष्मीचं रिझर्वेशन मिळालंय. सोमवारी सकाळी एशियाटिकच्या पायऱ्यांवर असेन. सप्टेंबर १९८० पासून रोजचे दोन्ही कागद बघतो, पहिलं पान आणि खेळाचं पान, आणि सापडेल ते इथं टाकतो.