व्हिक्टोरियन प्रेमकथेतली बंडखोर नायिका: भुरळ कशाची?

धागा
व्हिक्टोरिया राणीच्या काळातल्या इंग्लंडमध्ये घडणाऱ्या प्रेमकादंबऱ्यांतली नायिका जीवाश्म गोळा करते, दुर्बीण लावून बसते, लग्नाला नाही म्हणते. पण भुरळ त्या छंदांची नसते, तिच्यासमोर असलेल्या धोक्याची असते. १८७० पूर्वी इंग्लंडमध्ये लग्न झालं की बाईची स्वतःची कमाईही नवऱ्याची. मालमत्तेवर खरा हक्क आला तो १८८२ च्या कायद्याने. म्हणजे १८५५ ची नायिका होकार देते तेव्हा सगळंच पणाला लावते. तीच लग्नानंतर आपलं घर परस्पर विकून टाकते असं लिहिलं, की कथेतला जीवच जातो.

प्रतिसाद १
हे अर्धसत्य आहे. पैसेवाल्या घरांत लग्नाआधी करार व्हायचा. रक्कम विश्वस्तांच्या ताब्यात, व्याज थेट मुलीच्या हातात, आणि चॅन्सरी कोर्ट (विश्वस्तनिधीचे वाद बघणारं इंग्लंडचं न्यायालय) ते मानायचं. त्यामुळे १८५५ ची श्रीमंत नायिका स्वतःच्या पैशावर राहू शकते. आणि वाचक कायद्यासाठी येत नाहीत हो, तिचं म्हणणं मनापासून ऐकणाऱ्या नायकासाठी येतात!

धागाकर्ती
करार मान्य. मग तो प्रसंगात येऊ द्या ना! विश्वस्त बहुधा घरातलाच पुरुष, आणि मुद्दलाला हात लावायला तिला अनेकदा बंदी. भांडणाला केवढी जागा आहे तिथे! गव्हर्नेस, म्हणजे श्रीमंतांच्या घरी मुलांना शिकवणाऱ्या पगारी शिक्षिका, असलेल्या नायिकेला तर तेवढाही आधार नाही.

प्रतिसाद २
घटस्फोटाचंही तेच. १८५७ च्या कायद्यात नवऱ्याला बायकोचा व्यभिचार सिद्ध केला की पुरे. बायकोला व्यभिचाराच्या जोडीला क्रूरता किंवा दोन वर्षांचा त्याग असं काहीतरी दाखवावं लागे. जाता जाता: नायक सुरीने कॉर्सेटच्या (कंबर आवळणाऱ्या अंतर्वस्त्राच्या) नाड्या कापतो ते प्रसंग बंद करा. शतकाच्या उत्तरार्धातला कॉर्सेट पुढून खुंट्यांनी उघडतो. मागची नाडी सैल केली की बाई तो एकटी काढते.

प्रतिसाद ३
‘अशी बाई त्या काळी असणं शक्य नाही’ हा या नायिकांवर घेतला जाणारा आक्षेप मात्र मला अजिबात मान्य नाही. नांदायला नकार दिला म्हणून तुरुंग, ही शिक्षा इंग्लंडने १८८४ मध्ये काढून टाकली. मुंबईत मात्र १८८७ मध्ये कोर्टाने नांदायला नकार देणाऱ्या रखमाबाईंना नवऱ्याकडे जा नाहीतर तुरुंगात जा असं सांगितलं. त्यांनी तुरुंग पत्करायची तयारी दाखवली, पुढे लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या. व्हिक्टोरियाच्याच राज्यात!

धागाकर्ती
रखमाबाईंचं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. समोर तुरुंग होता म्हणून तो नकार इतका मोठा. कादंबरीतल्या नायिकेसमोर काय आहे, एवढंच मी विचारते आहे.