बिनतेलाचं संत्रं-लिंबू ड्रेसिंग: पाणचट होतं, दात आंबतात आणि दुसऱ्या दिवशी कडू लागतं

पालापाचोळा:
सॅलडसाठी अजिबात तेल नसलेलं ड्रेसिंग हवं आहे. दही, मेयो वगैरे नको, फळांच्या रसावरच भागवायचं आहे. सध्याचं प्रमाण: संत्र्याचा रस १०० मिली, लिंबाचा रस ५० मिली, मध १ छोटा चमचा, मीठ, मिरपूड. संत्रं सोलून फोडी मिक्सरमधून फिरवतो आणि गाळून घेतो.

तक्रारी तीन. पानांवर ठरतच नाही, सगळं वाडग्याच्या तळाशी जमा होतं. दात आंबतील इतकं आंबट होतं, आणि मध वाढवला की त्याचं सरबत होतं. तिसरं म्हणजे उरलेलं फ्रिजमध्ये ठेवलं तर दुसऱ्या दिवशी कडू लागतं.

दाटपणासाठी रसातच कॉर्नफ्लोअर घालून पाच-सात मिनिटं उकळूनही पाहिलं. आधी छान दाटलं, मग उकळता उकळता पुन्हा पातळ झालं. हे उलटं कसं काय?

किसणी:
आंबटपणाचं आधी घेऊ, कारण मूळ घोळ तिथेच आहे. नेहमीच्या ड्रेसिंगमध्ये तीन भाग तेल आणि एक भाग व्हिनेगर असतं. व्हिनेगरमध्ये आम्ल साधारण ५ टक्के, म्हणजे एकूण मिश्रणात सव्वा टक्का. आता तुमचं बघा. लिंबाच्या रसात ५-६ टक्के सायट्रिक आम्ल धरलं तर ५० मिलीत अडीच ते तीन ग्रॅम. संत्र्याच्या १०० मिलीतून आणखी एखादा ग्रॅम. दीडशे मिलीत साडेतीन-चार ग्रॅम, म्हणजे जवळपास अडीच टक्के. नेहमीच्या ड्रेसिंगच्या दुप्पट! वर जिभेवर तेलाचा थरही नाही, त्यामुळे तो आंबटपणा आणखी बोचतो.

तेल काढलं म्हणजे नुसती चरबी गेली असं नाही, मिश्रणातला पाऊण भाग आंबट नसलेला ऐवज गेला. त्याची जागा कशाने तरी भरायला हवी, आणि ते 'कशाने तरी' म्हणजे आणखी रस नव्हे. साधं पाणी किंवा मीठ न घातलेलं भाज्यांचं पातळ स्टॉक (भाज्या उकळून गाळलेलं पाणी), थोडं दाट करून. त्यातच तुमच्या पहिल्या तक्रारीचाही निकाल लागतो.

हे करून बघा (छोटा चमचा ५ मिली, मोठा १५ मिली, दोन्ही सपाट):

पाणी ६० मिली
कॉर्नफ्लोअर १ छोटा चमचा (अडीच-तीन ग्रॅम)
संत्र्याचा रस १०० मिली
लिंबाचा रस १ मोठा चमचा
तयार मोहरी पेस्ट १ छोटा चमचा
मध १ छोटा चमचा
मीठ अर्ध्या छोट्या चमच्याला किंचित कमी
अर्ध्या संत्र्याची किसलेली साल, मिरपूड

कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवा, मग मंद आचेवर ठेवून सतत ढवळा. दुधाळ रंग जाऊन मिश्रण अर्धपारदर्शक झालं आणि बुडबुडे यायला लागले की आणखी एक मिनिट शिजवून उतरवा. कच्चं राहिलं तर पिठूळ चव शेवटपर्यंत जात नाही. या क्षणी ते खळीसारखं घट्ट दिसेल, घाबरू नका. कोमट झालं की मीठ, मध, मोहरी घाला आणि रस धारेने ओतत घोटत जा. एकदम ओतला तर गुठळ्या होतात. झाल्याच तर गाळा. साल गाळल्यानंतरच घालायची, नाहीतर गाळणीतच राहते.

तुमचं कॉर्नफ्लोअर का फसलं, तर त्यातल्या स्टार्चचे दाणे गरम पाण्यात फुगतात म्हणून मिश्रण दाटतं, पण आम्ल आणि उकळी एकत्र आली की स्टार्चच्या लांब साखळ्या तुटायला लागतात. जितकं जास्त उकळाल तितकं पातळ. म्हणून स्टार्च पाण्यात शिजवायचा आणि रस आच बंद केल्यावर. रस न उकळल्याने त्याचा ताजा वासही टिकतो.

आंबटचिंबट:
कडवटपणाबद्दल. दोन वेगळ्या गोष्टी आहेत, त्यांची गल्लत होते.

लगेच लागणारा कडूपणा बियांचा आणि पांढऱ्या सालीचा. मिक्सरमध्ये बिया फुटतात, फोडींवरची पांढरी त्वचा आणि मधला दोर भरडला जातो, आणि मग कितीही गाळा, कडवटपणा रसात उतरलेला असतो. संत्रं आडवं कापून हाताने किंवा रस काढायच्या साध्या यंत्रावर पिळा. पिळतानाही शेवटच्या चार थेंबांसाठी साल चेचू नका.

तुमचा मात्र दुसरा प्रकार दिसतोय, उशिरा येणारा. संत्र्याच्या गरात आणि पडद्यांत एक पदार्थ असतो, जो मुळात कडू नसतो. रस निघाला की आम्लाच्या सान्निध्यात त्याचं हळूहळू लिमोनिन होतं, आणि लिमोनिन चांगलंच कडू. काही तासांत जाणवायला लागतं. फ्रिजमध्ये वेग मंदावतो पण थांबत नाही, गरम केलं तर वाढतो. बुडाशी बेंबीसारखा उंचवटा असलेली नेव्हल संत्री यासाठी बदनाम आहेत. खायला उत्तम, रस साठवायला वाईट. तुमची तीच असतील तर दोन मार्ग: दुसऱ्या जातीची घ्या, किंवा स्टार्चचा पाया (पाणी, कॉर्नफ्लोअर, मीठ, मोहरी, मध) करून ठेवा आणि रस आयत्या वेळी पिळून घाला. हा पाया गार झाल्यावर घट्ट होतो, रस घालताना जोरात घोटावा लागतो, एवढंच.

कडू झालेल्या ड्रेसिंगमध्ये मध ओतत बसू नका. चिमूटभर मिठाने कडूपणा थोडा दबतो, पण पूर्ण जात नाही.

ग्रेपफ्रूट वापरणार असाल तर त्याचा कडूपणा पहिल्यापासूनच असतो, तो नारिंजिन नावाच्या पदार्थाचा. लिंबाऐवजी थोडंसं घालायला छान. संत्र्याऐवजी पूर्ण घातलं तर मात्र गोडाचं प्रमाण वाढवावं लागेल.

पालापाचोळा:
संत्री नेव्हलच आहेत! म्हणजे दोष फ्रिजचा नव्हता तर.
किसणी, साल किती बारीक? आणि सालीतही तेलच असतं ना, मग ते चालतं का?

किसणी:
असतं, सुगंधी तेल. पण अर्ध्या संत्र्याच्या किसात ते इतकं नगण्य असतं की हिशोबात धरायचं कारण नाही, आणि बिनतेलाच्या ड्रेसिंगमध्ये वास आणण्याचं सगळं काम तेवढंच करतं. नुसता रस गोड-आंबट लागतो. संत्र्याचं संत्रंपण सालीत आहे.

सगळ्यात बारीक किसणी घ्या. फळ फिरवत एका जागी एकच हात मारा. खाली पांढरं दिसलं की पुढे सरका, दुसरा हात मारलात की कडू थर आला. किस थेट ड्रेसिंगमध्ये टाकू नका. आधी वाटीत मिठाबरोबर बोटांनी अर्धा मिनिट चोळा. मीठ ओलसर आणि केशरी होतं, वास एकदम उसळतो. दहा मिनिटं ठेवून मग मिसळा. मोजलेल्या मिठातलंच मीठ घ्यायचं, वरचं नव्हे. फळावर मेणाचा थर असेल तर आधी गरम पाण्याखाली ब्रशने घासून कोरडं करा.

हिरवी_चाळण:
वरचं सगळं बरोबर, पण ड्रेसिंग पानांवर न ठरण्याचं निम्मं कारण पानं असतात. पानावर नैसर्गिक मेणाचा पातळ थर असतो. तेल त्यावर पसरतं, पाण्याचे मात्र थेंब होऊन घरंगळतात. त्यात पानं धुवून ओली ठेवली असतील तर ड्रेसिंग कितीही दाट करा, पाचव्या मिनिटाला तळाशी तळं. पाणी उडवायच्या चाळणीत फिरवा, मग स्वच्छ फडक्यात गुंडाळून पंधरा मिनिटं ठेवा. हाताला ओलं लागता कामा नये.

पानंही निवडून घ्या. गुळगुळीत, मऊ पानांवरून हे ड्रेसिंग घसरतं. कुरळी, सुरकुतलेली पानं, बारीक चिरलेला कोबी, किसलेलं गाजर यात ते अडकून राहतं. साधारण ६० ग्रॅम पानांना एक मोठा चमचा पुरतो, त्यावर अर्धा हाताशी ठेवा. वरून ओतायचं नाही. मोठ्या वाडग्याच्या कडेने फिरवून सोडायचं आणि पानं खालून वर घ्यायची.

एक फायदाही सांगते. तेल पानाच्या मेणात शिरून पान लवकर काळपट, लुळं करतं, तो त्रास इथे कमी. मीठ मात्र कापलेल्या कडांमधून पाणी ओढतंच, म्हणून वाढायच्या आधीच मिसळा.

आणि गाजर-पालक जीवनसत्त्वांसाठी खात असाल तर एक ध्यानात ठेवा. त्यातली कॅरोटिनॉइड्स (पिवळी-केशरी रंगद्रव्यं) शरीरात शोषली जायला थोडी चरबी लागते. २००४ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात अजिबात चरबी नसलेल्या ड्रेसिंगबरोबर सॅलड खाल्ल्यावर ती जवळजवळ शोषलीच गेली नव्हती. जेवणात इतर कशात चरबी असेल तर काळजी नाही, नुसतं सॅलडच जेवण असेल तर विचार करा.

चियाप्रेमी:
कॉर्नफ्लोअर शिजवायची भानगड कशाला? चियाच्या बिया भिजवून घाला, आपोआप दाटतं.

आंबटचिंबट:
दाटतं, पण चियाच्या वजनाचा जवळपास तीस टक्के भाग चरबी असते. धाग्याच्या शीर्षकात 'बिनतेलाचं' लिहिलंय. 🙂 मोहरीतही चरबी असते, पण एका चमचा पेस्टमधली थोडीशी चरबी सगळ्या ड्रेसिंगमध्ये विभागली जाते, ती सोडून देता येते.

न शिजवता हवं असेल तर झॅन्थन गम, म्हणजे दाटपणा आणणारी पूड. वरच्याच प्रमाणाला एक अष्टमांश छोटा चमचा, म्हणजे ०.३ ते ०.४ ग्रॅम.

पालापाचोळा:
आज दोन्ही केलं. कॉर्नफ्लोअरचं मस्त जमलं, लिंबू एकच चमचा घातल्याने आंबटपणा बरोबर आला. झॅन्थनचं मात्र फसलं. पाव चमचा घातलं, वर जेलीसारख्या गाठी आणि खाली बुळबुळीत लाळ. फेकलं.

आंबटचिंबट:
पाव म्हणजे दुप्पट झालं. झॅन्थनमध्ये 'थोडं जास्त' असं काही नसतं, लगेच बुळबुळीत होतं. गाठींचं कारण वेगळं: पूड ओल्याला लागली की बाहेरचा थर क्षणात फुगतो आणि आतली पूड कोरडीच अडकते. मग ढवळून काही होत नाही. ती आधी कोरड्या मिठात किंवा चमचाभर साखरेत नीट मिसळा (साखर घेतलीत तर मध वगळा), मिक्सर किंवा हातब्लेंडर चालू करा आणि फिरत्या पाण्यात चिमटी-चिमटीने सोडा. वीस सेकंदं पुरेत, जास्त फिरवलं तर हवा शिरून फेसाळ, पांढुरकं दिसतं. पातळ वाटलं तरी लगेच आणखी घालू नका, दहा-पंधरा मिनिटांत ते आणखी दाटतं. रस त्यानंतर घाला, हाताने ढवळून.

किसणी:
टिकण्याचं राहिलं. दोन्ही काचेच्या बाटलीत, फ्रिजमध्ये, तीन-चार दिवस (संत्री नेव्हल असतील तर वर सांगितल्याप्रमाणे रस आयत्या वेळीच). कॉर्नफ्लोअरचं गार होऊन घट्ट होतं आणि नंतर त्याला पाणी सुटतं. हलवून घ्या, फार घट्ट असेल तर एक चमचा पाणी. गोठवायचं असेल तर झॅन्थनचंच, कॉर्नफ्लोअरचं वितळल्यावर स्पंजासारखं होतं. ॲल्युमिनियमचं भांडं रसाला नको, धातूची चव उतरते. पुदिना, कोथिंबीर घालणार असाल तर ताटलीवर, बाटलीत नाही. आम्लात तासाभरात पानांचा हिरवा रंग जाऊन ती मळकट दिसतात.