वसंत देसाई यांच्या चालींची खूण कोणती?

प्रश्न

गेले काही आठवडे मी वसंत देसाई यांची गाणी कालक्रमाने ऐकत आहे. 'लोकशाहीर राम जोशी'मधील (१९४७) 'सुंदरा मनामध्ये भरली' ही लावणी, 'अमर भूपाळी'तील (१९५१) 'घनश्याम सुंदरा', 'झनक झनक पायल बाजे'मधील (१९५५) कथकाचे संगीत आणि 'आशीर्वाद'मधील (१९६८) अशोककुमारांची 'रेलगाडी' हे सारे एकाच संगीतकाराचे आहे, हे ठाऊक नसते तर मी मानले नसते. सुधीर फडके किंवा सी. रामचंद्र यांची चाल बहुधा मुखड्यातच ओळखू येते; देसाईंची येत नाही. याला अष्टपैलुत्व म्हणावे की स्वतःच्या शैलीचा अभाव?

प्रतिसाद १

अभाव मुळीच नाही. ही खूण वाद्यमेळात शोधली तर सापडणार नाही, ती राग वागवण्याच्या रीतीत आहे. 'झनक झनक'चे शीर्षकगीत त्यांनी उस्ताद अमीर खाँ यांच्याकडून गाऊन घेतले, 'गूंज उठी शहनाई'साठी (१९५९) बिस्मिल्ला खाँ यांना वाजवायला बोलावले, आणि दोन्ही ठिकाणी त्या कलावंतांचा बाज चित्रपटासाठी पातळ होऊ दिला नाही. 'गुड्डी'तील (१९७१) 'बोले रे पपीहरा'मध्ये मियाँ मल्हार हा राग स्वच्छ दिसतो, तरीही वाणी जयराम यांच्या आवाजातले ते गाणे शाळकरी मुलीच्या तोंडी शोभते. रागाचा बोजा गाण्यावर पडू न देणे फार थोड्यांना जमले.

प्रतिसाद २

वरील मत पटते, पण ते अपुरे वाटते. 'दो आँखें बारह हाथ'मधील (१९५७) 'ऐ मालिक तेरे बंदे हम' आणि 'गुड्डी'तीलच 'हमको मन की शक्ति देना' या प्रार्थना राग ओळखता न येणाऱ्या लाखो मुलांनी म्हटल्या आहेत. आमच्या शाळेत पेटीची पट्टी रोज बदलत असे, निम्मी मुले बेसूर असत, तरी चाल मोडत नसे. कारण स्वर जवळजवळचे आहेत आणि श्वास घ्यायची जागा ओळीच्या शेवटी आपोआप येते. 'श्यामची आई'तील 'भरजरी गं पितांबर' घराघरांत सहज गायले जाते, त्यामागेही मला हेच कारण दिसते. शेकडो गळ्यांना एकत्र पेलेल अशी चाल बांधणे हीच मी त्यांची खूण मानतो.

प्रतिसाद ३

एक भर घालतो. १९६६ मध्ये एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांनी संयुक्त राष्ट्रसंघात गायलेल्या 'मैत्रीं भजत' या संस्कृत प्रार्थनेची चाल देसाईंची आहे. कुडाळजवळच्या सोनवड्यात जन्मलेल्या, 'प्रभात' या चित्रपटसंस्थेत पडेल ते काम करत संगीत शिकलेल्या माणसाने कर्नाटक संगीतातील गायिकेसाठी ही रचना केली, आणि तीही त्या गायिकेच्या गळ्यात जराही परकी वाटत नाही.

मूळ प्रश्नकर्ता

आपणा सर्वांचे आभार. 'मैत्रीं भजत' मी अनेकदा ऐकले होते, पण ते देसाईंचे आहे हे आज कळले. आता ते आणि 'ऐ मालिक' पाठोपाठ ऐकून दोन्हींतील श्वासाच्या जागा ताडून पाहणार आहे.